जुने प्रेस्बिटेरियन चर्च कसे वाचावे

जुन्या चर्चची पाहणी बहुतेक जण मनोऱ्यापासून सुरू करतात. प्रेस्बिटेरियन, म्हणजे स्कॉटलंडच्या प्रोटेस्टंट परंपरेतल्या चर्चच्या बाबतीत मात्र थेट आत जा आणि व्यासपीठ, म्हणजे पाळक (धर्मोपदेशक) जिथून उपदेश करतो ती उंच जागा, कुठे आहे ते आधी पाहा. १५६० साली स्कॉटलंडमध्ये धर्मसुधारणा झाली, वेदी गेली आणि उपासनेचा गाभा उपदेश झाला. पाळकाचा शब्द शेवटच्या बाकापर्यंत पोहोचला पाहिजे, या एका गरजेभोवती बाके, गॅलरी, खिडक्या, दारे यांच्या जागा ठरल्या.

बाहेरचे रूप फसवते. लंडनचे सेंट मार्टिन-इन-द-फील्ड्स हे अँग्लिकन, म्हणजे चर्च ऑफ इंग्लंडचे, पण खांबांचा दर्शनी मंडप आणि त्यामागे टोकदार मनोरा हा त्याचा नमुना ग्लासगोच्या सेंट अँड्र्यूज पॅरिश चर्चनेही उचलला आणि १८२१ मध्ये खुल्या झालेल्या चेन्नईच्या सेंट अँड्र्यूज कर्कनेही (कर्क म्हणजे स्कॉटिश बोलीत चर्च). चेन्नईचा आराखडा मेजर द हॅव्हिलँड यांचा. तिथे मंडपातून आत गेल्यावर लांबट दालन नाही, तर १६ खांबांवर पेललेल्या घुमटाखाली गोल सभागृह आहे. जमीन मऊ, म्हणून पायासाठी विहिरी उतरवल्या.

सोबत ३० मीटरची टेप, टॉर्च, होकायंत्र, छोटे लोहचुंबक आणि आलेखाचा कागद घ्या. १:१०० प्रमाणात नकाशा काढा. फक्त लांबी-रुंदी मोजून थांबू नका, दोन्ही कर्णही मोजा. डोळ्यांना काटकोनी वाटणारी खोली पुष्कळदा तशी नसते. प्रत्येक दाराखिडकीत भिंतीची जाडी घ्या. एकाच भिंतीत जाडी एकदम बदलली, तर तिथे वेगळ्या काळातले काम असण्याची शक्यता मोठी.

स्कॉटलंडमधली मध्ययुगीन चर्चे पूर्व-पश्चिम लांबट होती. सुधारणेनंतर व्यासपीठ अनेक ठिकाणी दक्षिणेच्या लांब भिंतीच्या मधोमध आले आणि त्यासमोर उत्तरेला एक बाहू जोडला गेला. हाच तो इंग्रजी टी अक्षरासारखा आराखडा. बर्नटायलंडच्या १५९२ मध्ये सुरू झालेल्या चर्चमध्ये तर सरळ चौरस आखून सगळ्यांना मध्याभोवती बसवले. आज व्यासपीठ आखूड भिंतीशी आणि मधोमध टेबल ठेवलेला उंचवटा दिसला, तर ती मांडणी एकोणिसाव्या शतकात बदललेली असू शकते. त्या काळी चर्चच्या पूर्व टोकाला महत्त्व देण्याची लाट आली होती. मूळ जागा शोधायची तर दक्षिण भिंतीत जवळजवळ असलेल्या दोन उंच खिडक्या पाहा. वाचणाऱ्याला उजेड मिळावा म्हणून त्या व्यासपीठाच्या दोन बाजूंना ठेवत. त्यांच्यामधल्या गिलाव्यावर टॉर्च भिंतीला जवळजवळ टेकवून आडवी मारा. बुजवलेले दार, काढलेल्या जिन्याचा तिरपा माग, ध्वनिछत्राच्या (आवाज पुढे जावा म्हणून व्यासपीठावर लावलेल्या छताच्या) खिळ्यांची भोके समोरच्या उजेडात दिसत नाहीत, आडव्या उजेडात त्यांच्या कडा सावली टाकतात.

व्यासपीठाच्या पायथ्याशी एक बुटके मेज असेल, तर ते गायन चालवणाऱ्याचे. तो स्तोत्राची ओळ म्हणे आणि मंडळी ती त्याच्यामागून गाई. चर्च ऑफ स्कॉटलंडमध्ये ऑर्गनला वाट मिळाली ती १८६० च्या दशकात, म्हणून त्याआधीच्या इमारतीतला ऑर्गन मागाहून बसवलेला समजावा. त्याच्या बाजूंना गॅलरीचा कठडा कापल्याच्या खुणा शोधा. प्रभुभोजन (भाकर आणि द्राक्षरस घेण्याचा विधी) लांब टेबलांशी बसून घेत, त्यामुळे पाठ उलटवता येणारी किंवा टेबल होणारी बाके कुठे शिल्लक आहेत का, हेही तपासा.

गॅलरीच्या खांबांना लोहचुंबक लावा. दगडासारखा रंग दिलेला खांब बिडाचा निघाला, तर तो बहुधा एकोणिसाव्या शतकातला. बाहेरून स्वतंत्र जिना आणि दार असलेली गॅलरी साधारणपणे जमीनदार घराण्याची असते.

आता बाहेर या. भिंतीत वरपासून खालपर्यंत सरळ उभा सांधा दिसला, तर दोन्ही भाग वेगवेगळ्या वेळी बांधले गेले. एकत्र बांधताना गवंडी दगड एकमेकांत गुंफतो. साल कोरलेला दगड पुरावा म्हणून एकटा धरू नका, तो जुन्या इमारतीतून आणून बसवलेला असू शकतो. मनोऱ्याचे साल वेगळे काढा. मुंबईचे सेंट अँड्र्यूज चर्च १८१९ चे, पण त्याचा मनोरा १८२६ मध्ये वीज पडून कोसळला आणि पुन्हा उभारावा लागला.

ओल बहुतेकदा बाहू मूळ इमारतीला मिळतो त्या कोपऱ्यात असते, कारण दोन छपरांचे पाणी तिथल्या पन्हळीत एकत्र येते आणि पाचोळ्याने ती तुंबते. दगडांमधले सांधे चुन्याऐवजी सिमेंटने भरले असतील तर हानी वाढते. चुन्यातून ओल बाहेर पडते, सिमेंट ती अडवते, मग ती दगडातून वाट काढते आणि दगडाचा पापुद्रा सुटतो.

कागदपत्रांत पुष्कळांचा वेळ वाया जातो तो चुकीची वही उघडल्याने. पाळक आणि एल्डर (मंडळीतले ज्येष्ठ) यांच्या सभेच्या इतिवृत्तांत शिस्त आणि गरिबांची मदत भरपूर सापडते, बांधकामाची बिले क्वचित. पॅरिश चर्चचा खर्च १९२५ च्या कायद्यापर्यंत जमीनमालकांवर होता, तेव्हा त्यांच्या नोंदी पाहा. १८४३ मध्ये चर्च ऑफ स्कॉटलंडमध्ये फूट पडली, ४५० हून अधिक पाळक बाहेर पडले आणि फ्री चर्च उभे राहिले. एकाच गावात जवळजवळ एका काळाची दोन प्रेस्बिटेरियन चर्चे दिसतात ती पुष्कळदा यामुळेच. फ्री चर्चच्या इमारतीचा हिशेब डीकनांच्या (चर्चचा पैसा-मालमत्ता पाहणाऱ्यांच्या) सभेच्या वहीत असतो. यातल्या बऱ्याच वह्यांच्या प्रतिमा स्कॉटलंड्सपीपल या संकेतस्थळावर मोफत पाहता येतात. वाचताना नुसत्या 'दुरुस्ती' या शब्दावर पुढे जाऊ नका, सुताराच्या बिलातली फळ्यांची संख्या पाहा. ती मोठी असेल तर त्या वर्षी बाकांची सगळी मांडणीच फिरवली असण्याचा संभव आहे, आणि ते साल तुमच्या नकाशावरच्या बुजवलेल्या दाराशी जुळते का ते पडताळा.