ड्रॉवरला हँडल बसवताना: मापे, खुणा आणि छिद्रे

स्वयंपाकघरातील ट्रॉली असो वा लिहिण्याच्या टेबलाचा खण, हँडल बसवण्याच्या कामात ड्रिल मशीन चालते जेमतेम काही क्षण; बाकीचा सगळा वेळ मापे घेण्यात आणि खुणा करण्यात जातो. तो जाऊ द्यावा, कारण सनमायका लावलेल्या दर्शनी फळीवर भलत्याच जागी पडलेले छिद्र पुट्टीने बुजवता आले तरी लपवता येत नाही.

हँडल विकत घेताना त्यावर 96, 128, 160 असा जो आकडा सांगितला जातो, तो हँडलच्या एकूण लांबीचा नसून दोन स्क्रूंच्या मध्यबिंदूंमधील मिलिमीटर अंतराचा असतो. ही मापे बहुधा 32 च्या पटीत येतात. जुने हँडल काढून नवे लावायचे असेल, तर आधी छिद्रांमधील अंतर मोजूनच दुकानात जावे. जुन्या फर्निचरमध्ये इंचाची मापे आढळतात, आणि चार इंच म्हणजे सुमारे 102 मिलिमीटर असल्यामुळे 96 चे हँडल त्या छिद्रांत बसत नाही.

हँडलसोबत मिळणारे स्क्रू बहुतेकदा एम4 (म्हणजे 4 मिलिमीटर) जाडीचे आणि 25 मिलिमीटर लांबीचे असतात. 18 मिलिमीटरच्या एकाच फळीला ते पुरतात. परंतु ड्रॉवरच्या पेटीची पुढची फळी वेगळी आणि तिच्यावर दर्शनी फळी वेगळी, अशी रचना असेल तर पुरत नाहीत. दोन्ही फळ्यांच्या जाडीची बेरीज करून तिच्यात सात-आठ मिलिमीटर मिळवावेत, म्हणजे स्क्रूची लांबी मिळते. फळ्या 18 आणि 12 च्या असल्यास 38 किंवा 40 चा स्क्रू मागावा, मात्र हँडलमधील आट्यांची (स्क्रू ज्यात फिरत बसतो त्या चक्राकार खाचांची) खोली आधी पाहून घ्यावी. स्क्रू आखूड पडला तर आटे पकडत नाहीत, आणि फार लांब झाला तर तो हँडलच्या आत टेकून थांबतो व हँडल डुलत राहते. कोकणात किंवा मुंबईच्या दमट हवेत स्टेनलेस स्टीलचे स्क्रू घेणेच बरे.

हँडल उंचीच्या नेमके मध्यावर असावे, असा नियम नाही. उथळ खणांवर ते मध्यभागी शोभते. भांड्यांच्या खोल ट्रॉलीला मात्र वरच्या एक-तृतीयांश भागात लावल्यास ओढताना फारसे वाकावे लागत नाही. रुंदीचा मध्य प्रत्येक ड्रॉवरवर स्वतंत्र मोजावा. समजा फळी 450 मिलिमीटर रुंद आहे आणि हँडल 128 चे आहे. मध्य 225 वर येतो, त्याच्या दोन्ही बाजूंना 64 मोजले की छिद्रे 161 आणि 289 वर पडतात. खुणेच्या जागी मास्किंग टेप चिकटवून तिच्यावर पेन्सिलीने आखावे आणि गुण्या (काटकोन तपासायची पट्टी) लावून रेघ वरच्या कडेला समांतर आहे की नाही हे तपासावे.

ड्रॉवर तीन-चारपेक्षा जास्त असतील, तर प्लायवूडच्या तुकड्यात हँडलच्या अंतरावर दोन छिद्रे पाडून, वरच्या कडेला अडण्यासाठी एक पट्टी ठोकून साचा करावा. सुतार याला फाटा देऊन नजरेने काम करतात, पण त्यांचा हात सरावलेला असतो. साच्याच्या मध्यावर रेघ असावी, जी फळीच्या मध्यरेघेशी जुळवता येईल.

घरातले ड्रिल मशीन बहुधा भिंतीसाठी घेतलेले असते, म्हणून त्यातील हॅमरचा खटका बंद करावा आणि भिंतीचे बिट काढून लाकूड-धातूला चालणारे बिट लावावे. खुणेवर खिळ्याने किंवा टोच्याने हलकी खाच पाडली की बिट घसरत नाही. आधी 3 मिलिमीटरचे, मग 5 मिलिमीटरचे छिद्र दर्शनी बाजूने आतल्या दिशेला पाडावे. यंत्र फळीला काटकोनात धरावे. ते तिरके झाले तर पुढून अचूक असलेली छिद्रे मागे सरकलेली आढळतात. आतून एक लाकडी ठोकळा क्लॅम्पने घट्ट आवळून धरला, तर बिट बाहेर पडताना फळीचे कपचे उडत नाहीत. ठोकळा हाताने धरू नये.

भुसा झाडून, टेप काढून आतून दोन्ही स्क्रू आधी सैल लावावेत आणि मग आळीपाळीने हाताच्या स्क्रू ड्रायव्हरने आवळावेत. यंत्राने आवळल्यास हँडलमधील मऊ धातूचे आटे मरतात. सिंकजवळच्या एमडीएफच्या (लाकडाचे तंतू दाबून केलेल्या) फळीत छिद्राच्या आतून वॉर्निशचा हात फिरवून तो वाळू द्यावा, कारण ओलाव्याने ही फळी फुगते.

छिद्र मिलिमीटरभर चुकले असेल तर ते 6 मिलिमीटरच्या बिटने मोठे करून आतून रुंद वॉशर लावल्यास हँडल जागेवर सरकवता येते. चूक त्याहून मोठी असेल, किंवा जुनी छिद्रे झाकायची असतील, तर मागे धातूची पट्टी असलेले हँडल निवडावे. ती पट्टी छिद्रे पूर्ण झाकते ना, हे खरेदीपूर्वी कागदावर आखून पाहावे.