जॉन फॉगर्टीची गाणी गिटारवर कशी बसवायची, आणि मग आपलं स्वतःचं गाणं कसं लिहायचं

परभणीत मी संध्याकाळी पोरांना गिटार शिकवतो, आणि नवीन पोरगं आलं की चौथ्या दिवशी विचारणारच, सर सोलो कधी शिकवणार. मी म्हणतो आधी सहा महिने जॉन फॉगर्टी ऐक आणि वाजव, मग बोलू. क्रीडन्स क्लिअरवॉटर रिव्हायव्हल नावाचा अमेरिकन बँड होता, त्याची जवळजवळ सगळी गाजलेली गाणी ह्या एका माणसाने लिहिली, गायली आणि मेन गिटारही त्यानेच वाजवली. तीनचार कॉर्ड (म्हणजे एकदम वाजवायचे सूर, ए, सी, जी ही त्यांची नावं), दोनतीन मिनिटांची गाणी, आणि एकदा ऐकलं की दिवसभर डोक्यातून जात नाही. मला स्वतःला गिटार खऱ्या अर्थाने ह्याच गाण्यांनी शिकवली म्हणून हे सगळं नीट लिहून काढतोय, कुणाला घरी बसून करायचं असेल तर उपयोगी पडेल.

आधी माणूस थोडा समजून घ्या, कारण त्याशिवाय गाणी कुठल्या ऑर्डरने घ्यायची ते कळत नाही. जन्म १९४५ चा, कॅलिफोर्नियात बर्कलीचा, वाढला शेजारच्या एल सेरिटो गावात. शाळेतल्या दोन मित्रांना घेऊन १९५९ ला ग्रुप काढला, मोठा भाऊ टॉम नंतर त्यात आला. १९६४ ला फँटसी रेकॉर्ड्स नावाच्या कंपनीशी करार झाला आणि कंपनीने बँडचं नावच बदलून टाकलं, गॉलिवॉग्स असं ठेवलं, पोरांना ते अजिबात आवडलं नव्हतं. क्रीडन्स हे नाव यायला आणि पहिला अल्बम निघायला १९६८ उजाडलं. म्हणजे बघा, नऊ वर्षं तीच पोरं एकत्र वाजवत होती आणि कुणी विचारत नव्हतं. आणि मग १९६९ ह्या एका वर्षात तीन अल्बम! तीनही चांगले, आणि त्याच वर्षी वूडस्टॉकच्या मोठ्या संगीत महोत्सवात पण वाजवलं. ही नऊ वर्षं मी पोरांना मुद्दाम सांगतो कारण सहाव्या आठवड्यातच गिटार माळ्यावर टाकणारे लई बघितलेत.

आता वाजवायचं.

पहिलं गाणं घ्यायचं 'हॅव यू एव्हर सीन द रेन'. १९७० च्या शेवटी आलेल्या पेंड्युलम अल्बममधलं. सुरुवात ए मायनर, एफ, सी, जी, सी अशी. अंतरा जवळपास सगळा सी वर, मधे जी ला जाऊन परत सी. एफ बारचा, म्हणजे एक बोट सगळ्या तारांवर आडवं टाकून, दाबता येत नसेल तर रडत बसू नका, पातळ बाजूच्या चार तारांचा छोटा एफ धरा, चालतो. खरी मजा कोरसमध्ये आहे, तिथे एफ, जी, सी झालं की सी वरून ए मायनर कडे येताना बेस पायरी पायरीने खाली उतरतो. तो असा काढायचा (तारा पातळ तारेपासून मोजा, फ्रेट म्हणजे गिटारच्या मानेवरच्या धातूच्या पट्ट्यांमधलं घर): पाचवी तार तिसरा फ्रेट, मग पाचवी तार दुसरा फ्रेट, मग पाचवी तार मोकळी, मग सहावी तार तिसरा फ्रेट. बस, चार सूर. हे चार सूर आधी नुसते वाजवा, कॉर्ड न धरता, पन्नास वेळा, मग वरून कॉर्ड जोडा. ज्या दिवशी हे उतरणं हाताला आपोआप येतं ना त्या दिवशी पोराचा चेहरा बघण्यासारखा असतो, कारण पहिल्यांदा त्याला वाटतं की दोन गिटारी वाजतायत.

हे गाणं उन्हात पडणाऱ्या पावसाबद्दल आहे, आणि फॉगर्टीने स्वतः सांगितलंय की ते बँड फुटायला लागला होता त्याचं दुःख होतं, सगळं यश मिळालेलं असताना घरात भांडणं चालू. टॉम १९७१ ला बँड सोडून गेलाच. आपल्याकडे ऊन असताना पाऊस पडला तर लोक अंगणात येऊन हात पसरून उभे राहतात, त्यामुळे ह्या गाण्याचं दुःख माझ्या पोरांना समजावून सांगायला लागतं, पण चाल मात्र लगेच कळते.

आता उजवा हात. सगळ्यात महत्त्वाचं हेच आहे आणि इथेच सगळे चुकतात. फॉगर्टीचं नव्वद टक्के काम उजव्या हाताचं आहे. आमच्या गावी भजनी मंडळात एक ढोलकीवाले मामा आहेत, मी एकदा त्यांना मोबाईलवर हे गाणं ऐकवलं तर दोन मिनिटात म्हणाले, "गाणं इंग्लिश असू दे की, ठेका तर आपला केरवाच हाय." आणि खरंच आहे. आठ मात्रा मोजा, धा गे ना ति न क धि ना. उजवा हात आठही मात्रांना चालू ठेवायचा, खाली वर खाली वर, थांबवायचा नाही. फरक एकच, भजनात आपण जोर समेवर म्हणजे धा वर देतो, आणि ह्या संगीतात ड्रमवाला स्नेअर (कडक आवाजाचा छोटा ड्रम) मारतो तिसऱ्या आणि सातव्या मात्रेवर, म्हणजे पहिल्या ना वर आणि धि वर. आपल्या अंगात समेची सवय इतकी भिनलेली असते की हात तिथेच जोर देतो आणि मग गाणं भजनासारखं वाजतं. भजन वाईट नाही हो, पण हे ते नाही. त्यासाठी उपाय सांगतो, गिटार बाजूला ठेवा, तोंडाने बोल म्हणा आणि टाळी फक्त ना आणि धि वर वाजवा. रोज दहा मिनिटं, गाडीवर जाताना, पाणी भरताना, कधीही. आठवडाभरात जोर सरकतो. मग गिटार घ्या आणि बाकीच्या मात्रांना तळहाताची कड ब्रिजजवळ (तारा जिथे गिटारच्या अंगाला बांधलेल्या असतात तिथे) तारांवर हलकी टेकवून आवाज दाबा, ना आणि धि ला हात उचलून मोकळं वाजवा. झालं, क्रीडन्स.

मामांना मी नंतर सरळ क्लासलाच बोलावलं, महिन्यातून एकदा येतात, पोरं कॉर्ड वाजवतात आणि ते ढोलकी. मेट्रोनोम ॲपपेक्षा शंभरपट चांगलं, कारण ॲप तुमच्याकडे बघून हसत नाही आणि मान पण डोलावत नाही. तुमच्या गावात असा कुणी असेल तर नक्की धरा.

दुसरं गाणं 'बॅड मून रायझिंग'. ह्याच्यात एक गंमत आहे. रेकॉर्डवर गाणं डी मध्ये ऐकू येतं, डी, ए, जी, डी. नेटवर बघून सगळे तसंच वाजवतात आणि म्हणतात सर ओरिजिनलसारखं भरीव येत नाही. येणार कसं, फॉगर्टीने गिटारच्या सहाही तारा दोन फ्रेट खाली उतरवलेल्या होत्या आणि त्यावर ई, बी, ए चे आकार धरले होते. त्यामुळे तो मोकळ्या ई चा भरलेला आवाज डी मध्ये येतो. तुम्ही पण करा, ट्यूनर ॲप उघडा, जाड तारेपासून डी, जी, सी, एफ, ए, डी असं लावा. तारा सैल पडून फ्रेटवर खडखडल्या तर समजायचं तारा पातळ आहेत, अकुस्टिकला बारा नंबरचा सेट टाका. आणि उतरवताना थोडं जास्त खाली नेऊन मग वर आणून सूर लावायचा, म्हणजे खुंटी घसरत नाही. उतरवलेल्या गिटारवर गाणं म्हणायला पण सोपं जातं, आपल्यातल्या जाड आवाजाच्या पोरांना तर फारच.

तिसरं 'प्राउड मेरी', फक्त सुरुवातीसाठी. सी ए, सी ए, सी ए जी एफ आणि मग डी वर येऊन थांबायचं. त्याने सांगितलंय की ही सुरुवात त्याला बेथोव्हेनच्या पाचव्या सिंफनीवरून सुचली. झटके कोरडे पाहिजेत, प्रत्येक कॉर्ड वाजवून लगेच डाव्या हाताची पकड ढिली करा म्हणजे आवाज तुटतो. हे गाणं अमेरिकेच्या गाजलेल्या गाण्यांच्या यादीत दोन नंबरपर्यंत गेलं, आणि क्रीडन्सची एकूण पाच सिंगल (एकेक गाण्याच्या सुट्या रेकॉर्ड) दोन नंबरला पोचली पण एक नंबर कधीच नाही. मला हे वाचून आधी फार वाईट वाटलं होतं, पण आज त्या वेळच्या एक नंबरवाल्यांपैकी किती आठवतात?

चौथं 'फॉर्च्युनेट सन', जी, एफ, सी, जी, एवढंच. व्हिएतनामच्या लढाईच्या काळातलं, मोठ्यांची पोरं सुटतात आणि गरिबांची पोरं जातात ह्या रागातून लिहिलेलं, आणि राग असल्याशिवाय ते वाजतच नाही. हळू आवाजात वाजवायचं असेल तर नका वाजवू.

एवढं झालं की गाणं लिहायला बसायचं, आणि हो, लगेच बसायचं. फॉगर्टीची पद्धत सोपी होती, एक छोटी वही आणली आणि त्यात नुसती गाण्यांची नावं लिहायला लागला, पहिलंच नाव लिहिलं प्राउड मेरी. गाणं नंतर आलं, नाव आधी. तुम्ही पण दहा रुपयाची वही घ्या आणि रोज एक नाव लिहा, ओळ सुचली नाही तरी चालेल.

नावं कुठून आणायची? त्याची दोन उदाहरणं बघा. 'ग्रीन रिव्हर' हे लहानपणी घरचे सुट्टीला न्यायचे त्या कॅलिफोर्नियातल्या पुटा क्रीक नावाच्या ओढ्याचं गाणं आहे, आणि ग्रीन रिव्हर हे नाव सोड्याच्या सरबताच्या बाटलीवरचं. आणि 'लोडाय' हे ज्या गावावर आहे त्या गावाला तो गेलाच नव्हता, नुसतं नाव कानाला भारी वाटलं म्हणून घेतलं, आणि त्यात पैसे संपून अडकलेला गायक बसवला. आता आपल्याकडे नावांची काय कमी आहे, पूर्णा जंक्शन, मानवत रोड, औंढा, मुदखेड, परळी. पूर्णा जंक्शनवर रात्री अडीचला चुकलेली गाडी, हातात गिटार आणि खिशात चाळीस रुपये, हे अर्धं गाणं झालंच की. आणि ओढा म्हणाल तर गंगाखेडला गोदावरीच्या पात्रात पोहलेला प्रत्येक जण इथे बसलाय.

मी पोरांना एक अभ्यास देतो. एप्रिल २०१६ ला मिरजेहून लातूरला रेल्वेने पाणी आलं, पहिल्या खेपेला दहा डबे, साधारण ५ लाख लिटर. त्यावर दोन ओळी लिहा, केरव्यात बसल्या पाहिजेत, सी आणि जी च्या बाहेर जायचं नाही. एका दहावीच्या पोरीने हे लिहिलं होतं:

पाण्याची गाडी आली गं माय, लातूरच्या टेशनात
घागरी हैत सावलीला, अन् माणसं उभी उन्हात

एकही मोठा शब्द नाही. दुसऱ्या ओळीत 'उन्हात' ला जी वरून सी ला या आणि थांबा. असं लिहायचं. माझे डोळे भरून आले होते, खोटं कशाला सांगू.

आता कागदाचं, आणि हे वाचल्याशिवाय जाऊ नका. बँड १९७२ ला फुटला तेव्हा फॉगर्टी करारात अजून कंपनीला अल्बम द्यायला बांधलेला होता, आणि त्यातून सुटायला त्याने स्वतःच्या क्रीडन्सच्या गाण्यांवरचा हक्काचा पैसा सोडून दिला. त्यानंतर कितीतरी वर्षं तो स्वतःची जुनी गाणी स्टेजवर म्हणतच नव्हता, थेट १९८७ पर्यंत. १९८५ ला सेंटरफील्ड अल्बम काढून परत आला, सगळी वाद्यं स्वतः वाजवली, तर जुन्या कंपनीने केस टाकली की नवं गाणं आमच्याकडच्या जुन्या गाण्याची नक्कल आहे. ते जुनं गाणं पण ह्यानेच लिहिलेलं! १९८८ ला तो कोर्टात साक्षीच्या पिंजऱ्यात गिटार घेऊन बसला आणि ज्युरीला वाजवून दाखवलं की माझी स्टाइल ही अशी आहे, दोन्ही गाणी वेगळी आहेत. जिंकला. वकिलाच्या खर्चासाठी परत सुप्रीम कोर्टापर्यंत गेला आणि १९९४ ला तिथेही निकाल त्याच्या बाजूने लागला. आणि गाण्यांच्या हक्काचा मोठा वाटा विकत घेऊन परत त्याच्या हातात आला २०२३ ला, वयाच्या ७७ व्या वर्षी.

माझं पण एक गाणं एका स्टुडिओवाल्याकडे असंच गेलंय, रेकॉर्डिंग फुकट करतो म्हणाला, मी न वाचता सही केली आणि आता ते त्याच्या चॅनलवर माझ्या नावाशिवाय आहे. म्हणून सांगतो. सही करायच्या आधी कागदावर मुदत किती वर्षं आणि कुठल्या भागासाठी हे लिहिलंय का बघा. आपल्या कॉपीराइट कायद्यात हक्क लिहून देताना मुदत लिहिलेली नसेल तर ती पाच वर्षं धरतात, आणि भाग लिहिलेला नसेल तर फक्त भारत. म्हणून 'कायमस्वरूपी' आणि 'जगभर' हे दोन शब्द दिसले की पेन खाली ठेवा आणि कुणाला तरी दाखवा. गीतकार संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणारी आयपीआरएस नावाची संस्था आहे, १९६९ पासूनची, गाणी बाहेर आली की तिथे मेंबर व्हायचं बघा. आणि नवीन गाणं झालं की त्याच दिवशी मोबाईलवर रेकॉर्ड करून शब्दांसकट स्वतःलाच ईमेल करा, तारीख राहते. बँड असेल तर कुणी काय लिहिलं हे वहीत लिहून सगळ्यांच्या सह्या घ्या, भाऊ भाऊ असाल तर आधी घ्या.

शेवटचं, गिटारचं. मे महिन्यात आपल्याकडे ४२, ४३ डिग्री जातं आणि पत्र्याच्या खोलीत त्याहून जास्त, लाकूड सुकतं, फ्रेटची टोकं बोटाला लागायला लागतात आणि गोंद मऊ होऊन ब्रिज उचलतो. गाडीच्या डिकीत गिटार ठेवायची नाही, भिंतीला टांगायची तर उन्हाची भिंत सोडून. रात्री तारा दोन फ्रेट उतरवून ठेवा, तसंही फॉगर्टीचंच ट्यूनिंग आहे. साबणाच्या डबीला भोकं पाडून त्यात ओला स्पंज घट्ट पिळून ठेवायचा आणि डबी गिटारच्या कव्हरमध्ये टाकायची, स्पंज दर तीन दिवसांनी भिजवायचा, आणि मृगाचा पहिला पाऊस पडला की काढून टाकायचा.