ग्रिल्ड झिंग्यांचं एशियन सॅलड करताय? या चुका टाळा, नाहीतर प्लेटमध्ये नुसतं पाणी

आपल्याकडे सॅलड म्हणजे काकडी, टमाटर, कांदा चिरायचा आणि वरून लिंबू पिळायचं, झालं. त्यात वाईट काहीच नाही, सावजी रश्श्यासोबत तर तेच पाहिजे. पण हे थाई-व्हिएतनामी स्टाइलचं, वर भाजलेले झिंगे टाकलेलं सॅलड वेगळं प्रकरण आहे. व्हिडिओत दहा मिनिटात होऊन जातं आणि घरी केलं की झिंगे रबर, काकडीनं पाणी सोडलेलं, ड्रेसिंग सगळं तळाला आणि वर कोरडा पाला. मग लोक म्हणतात नागपुरात समुद्र नाही, चांगला झिंगाच मिळत नाही. मिळतो ना बाप्पा! बिघडतं ते बहुतेक वेळा पाण्यामुळे, झिंग्यातलं पाणी, पाल्यावरचं पाणी, काकडीतलं पाणी. हे पाणी आवरलं की निम्मं काम झालं.

झिंगा घेतानाच अर्ध गणित चुकतं

आपल्याकडे दोन प्रकारचा माल येतो. एक गोड्या पाण्यातला ताजा झिंगा, भंडारा-गोंदियाकडे तलावांची काही कमी नाही, नागपूरच्या मंगळवारी बाजारात सकाळी लवकर गेलात तर बरा मिळतो. दुसरा फ्रोझन, तो बहुतेक वेनामी जातीचा असतो, शेततळ्यात वाढवलेला, आणि देशात त्याचं सगळ्यात जास्त उत्पादन आंध्रात होतं. दोन्ही चालतात, पण दोघांचे नखरे वेगळे.

गोड्या पाण्यातल्या झिंग्याच्या मुंडक्यात पाचक रस असतात आणि झिंगा मेला की ते मागच्या मांसात उतरायला लागतात. म्हणून घरी आणून पिशवी तशीच ओट्यावर ठेवून तुम्ही चहा प्यायला बसलात तर मांस भुसभुशीत होतं, मग ग्रिलवर काहीही करा, पीठ खाल्ल्यासारखं लागतं. बाजारातच मुंडकं काढून घ्या नाहीतर घरी आल्या आल्या काढा आणि बर्फात ठेवा. घेताना मुंडकं शरीराला घट्ट चिकटलेलं आहे का बघा, लोंबत असेल किंवा अमोनियासारखा वास येत असेल तर भाव कितीही कमी असो, सोडून द्या.

फ्रोझनमध्ये पाकिटावरचे आकडे कोणी वाचतच नाही. ३१/४० लिहिलं असेल तर त्याचा अर्थ एका पौंडात, म्हणजे साधारण ४५० ग्रॅममध्ये, ३१ ते ४० नग. काही पाकिटांवर हा हिशोब किलोचा असतो, ते नीट बघा. आकडा जितका छोटा तितका झिंगा मोठा. ग्रिलसाठी पौंडाला २१/२५ किंवा २६/३० वाला घ्या, एकदम बारका घेतला तर बाहेरून रंग येईपर्यंत आतून वाळून जातो. झिंग्यांवर बर्फाचा थर असतो, त्यामुळे वजन बघायचं ते बर्फ सोडून दिलेलं नेट वजन. आणि पाकीट हलवून बघा, झिंगे सुटे वाजले पाहिजेत. सगळ्यांचा मिळून एकच गोळा झाला असेल तर माल मध्ये कुठेतरी वितळून परत गोठलाय.

वितळवताना घाई

रात्री फ्रीजमध्ये खालच्या कप्प्यात ठेवून द्या, सगळ्यात बेस्ट. विसरलात तर घट्ट बंद पिशवीत घालून थंड पाण्यात अर्धा तास. आता थंड पाणी म्हणजे मे महिन्यातलं नळाचं पाणी नाही हो, गच्चीवरच्या टाकीतून जे येतं त्यात दुपारी हात धरवत नाही. माठातलं घ्या, दोन बर्फाचे खडे टाका. गरम पाण्यात किंवा मायक्रोवेव्हमध्ये टाकले की कडा शिजून जातात आणि मधला भाग बर्फच राहतो.

पाठीवरचा काळा दोरा काढायचा, ते काही वेगळं सांगायला नको.

ओले झिंगे तव्यावर टाकणं, ही सगळ्यात मोठी चूक

इथे थोडं थांबतो कारण नव्वद टक्के लोक इथेच मार खातात असं मला वाटतं. धुतलेले झिंगे चाळणीत निथळले म्हणजे कोरडे झाले असं नाही. ते सुती फडक्यावर एका थरात पसरा, वरून दुसरं फडकं दाबा, मग पलटून परत दाबा. बोट लावलं तर चिकट लागलं पाहिजे, ओलं नाही. ओले झिंगे टाकले तर काय होतं ते एकदा नीट बघा, आधी जोरात चुर्र आवाज येतो, दहा सेकंदात तो बसतो, मग कडेनं पांढरा फेस आणि पाणी जमायला लागतं, आणि झिंगे त्या पाण्यात उकडत बसतात. जोवर वर पाणी आहे तोवर त्याचं तापमान १०० डिग्रीच्या वर जातच नाही, आणि तो खमंग तांबूस रंग यायला त्यापेक्षा बरीच जास्त उष्णता लागते. म्हणजे रंग येणार नाही, आणि रंगाची वाट बघत बसलात तर झिंगा रबर.

एक युक्ती सांगतो, रेस्टॉरंटवाले पण करतात. अर्धा किलो सोललेल्या झिंग्यांना अर्धा छोटा चमचा मीठ आणि पाव छोटा चमचा खायचा सोडा चोळून पंधरा मिनिटं फ्रीजमध्ये ठेवा आणि मग पुसून घ्या. सोड्यानं मांस पाणी धरून ठेवतं, शिजल्यावर टरटरीत राहतं. पाव चमच्याच्या वर जाऊ नका, साबणाची चव येते.

मॅरिनेशनमध्ये लिंबू काऊन?

चिकनला लावतो म्हणून झिंग्याला पण तासभर लिंबू लावून ठेवायचं, असं करून राहिले लोक. आंबटानं कच्चा झिंगा वरून पांढरा पडतो, म्हणजे आच न लागताच त्याचं प्रोटीन आवळतं, आणि नंतर ग्रिल केला की खडूसारखा कोरडा लागतो. तेल, ठेचलेलं लसूण, मिरपूड, थोडं आलं, बास. लिंबू ड्रेसिंगमध्ये येणारच आहे. त्याहून वाईट म्हणजे कच्ची पपई, कच्चं अननस नाहीतर किवी वाटून लावणं, यातली एन्झाइम्स मांस अक्षरशः विरघळवतात. सॅलडमध्ये अननस हवंच असेल तर फोडी शेवटी वरून टाका. मध किंवा साखर लावायची असेल तर शेवटच्या अर्ध्या मिनिटात ब्रशनं, आधी लावली की काळी पडून कडू होते.

आणि सावजी मसाला? तो याच्यात नको. लय आवडतो मला, पण इथे सगळं मारून टाकतो.

भाजताना

पॅन किंवा शेगडीवरची जाळी कडक तापू द्या. तेल पॅनला नाही, झिंग्याला लावा. गर्दी करू नका, दोन घाण्यात करा. मध्यम-मोठ्या झिंग्याला एका बाजूनं दीड ते दोन मिनिटं, पलटून एक-दीड मिनिट, एवढंच. इंग्रजी सी सारखा वाकला, मधला काचेसारखा भाग पांढरा झाला की उतरवा. ओ सारखा गोल वळला म्हणजे गाडी पुढे गेली. उतरवून लगेच थंड प्लेटमध्ये काढा, गरम पॅनमध्ये सोडले तर गॅस बंद असला तरी शिजत राहतात. बांबूच्या काड्या वापरणार असाल तर अर्धा तास भिजवा आणि एका ओळीला दोन काड्या लावा, एका काडीवर झिंगे गोल फिरतात आणि पलटताना डोकं फिरतं.

ड्रेसिंगचे घोळ

याचा पाया आंबट, खारट, गोड, तिखट. चार जणांसाठी तीन मोठे चमचे लिंबाचा रस, दोन चमचे फिश सॉस, दीड चमचा साखर किंवा किसलेला गूळ, एक-दोन हिरव्या मिरच्या आणि लसणाच्या दोन पाकळ्या बारीक चिरून. फिश सॉस म्हणजे मासे आणि मीठ आंबवून काढलेलं पाणी, बाटली उघडली की घरातले नाक मुरडतात, पण लिंबात गेल्यावर तो वास राहत नाही. नसेल तर लाइट सोया सॉस घ्या. चायनीजच्या गाडीवरचा डार्क सोया टाकलात तर सॅलड काळं होतं आणि चवीला मंचुरियन.

दुसरा घोळ तेलाचा. एशियन रेसिपीत सेसमी ऑइल लिहिलं असतं ते भाजलेल्या तिळाचं, गडद तपकिरी, थेंबभर वापरायचं. आपल्याकडचं घाण्याचं तिळाचं तेल कच्च्या तिळाचं असतं, त्याला तो वासच नाही, म्हणून लोक चमचे ओतत जातात आणि सॅलड तेलकट होतं. घाण्याचंच असेल तर ते सोडा आणि तीळ कोरडे भाजून वरून टाका.

चव चमच्यानं बघू नका, काकडीची चकती बुडवून बघा. नुसतं चाटलं तर जरा जास्तच झणझणीत लागलं पाहिजे, भाज्या ते सगळं खेचून घेतात. खारट झालं तर लिंबू आणि चमचाभर पाणी, आंबट झालं तर साखर, नुसतंच सपक लागलं तर बहुतेक वेळा मीठच कमी असतं.

संत्र्याच्या सीझनमध्ये संत्रा नक्की टाका, आपल्याकडे बसून नाही टाकायचा तर कुठे टाकायचा. पण रस आधीच काढून ठेवू नका, आपल्या संत्र्याचा रस ठेवला की हळूहळू कडवट होतो. बिया फुटल्या तर आणखीच. फोडी सोलून, पांढरे धागे आणि बिया काढून शेवटी टाकायच्या.

पाला आणि काकडी

लेट्यूस धुवून फडक्यात गुंडाळून कोरडा करा, ओल्या पानावर ड्रेसिंग टिकत नाही, घसरून खाली जातं. काकडीचा मधला बियांचा भाग चमच्यानं काढून टाका, मीठ लावून दहा मिनिटांनी पिळा, आणि मग ड्रेसिंगमध्ये मीठ जरा हात राखून. पत्ताकोबी बारीक चिरून बर्फाच्या पाण्यात दहा मिनिटं ठेवली की कुरकुरीत होते, पण नंतर निथळून पुसायची. थाई बेसिल नाही म्हणून अंगणातली तुळस तोडू नका, तिची चव उग्र लागते, पुदिना आणि सांबार, म्हणजे कोथिंबीर, भरपूर घ्या. शेंगदाणे भाजून ओबडधोबड ठेचा, कूट केलं तर ड्रेसिंगचा लगदा होतो.

झिंगे कोमट असताना त्यांनाच आधी चमचाभर ड्रेसिंग चोळा, ते आत मुरतं. पाल्यावर मात्र ते जरा निवल्यावरच ठेवा, आणि बाकीचं ड्रेसिंग ताटं मांडल्यावर.

उन्हाळ्यात जास्त जपा. शिजवलेले झिंगे बाहेर दोन तासांच्या वर ठेवायचे नाहीत, आणि हवा ३२ डिग्रीच्या वर असेल तर एकच तास. आपल्याकडे मेमध्ये पारा ४५ पर्यंत जातो, तेव्हा गच्चीवरच्या पार्टीत वाटी बर्फाच्या परातीत ठेवा. पाहुण्यांना झिंग्याची अॅलर्जी आहे का ते आधीच विचारा. डब्यात न्यायचं असेल तर पाला, झिंगे, ड्रेसिंग तिन्ही वेगळं न्या. झिंगे उरले तर फ्रीजमध्ये ठेवून दुसऱ्या दिवशी थंडच खा, परत गरम केले की रबर होतात. ड्रेसिंग उरलं तर काचेच्या बाटलीत फ्रीजमध्ये दोन-तीन दिवस राहतं, चिरलेल्या पत्ताकोबीवर टाकलं तरी मस्त लागतं.