मुलांचं बीपी: आधी पट्टा बघा, मग आकडा

११२/७४ हे बीपी मोठ्या माणसात उत्तम. सहा वर्षांच्या पोरात तेच आलं तर पुढे तपासायला हवं. घोळ इथेच होतो, कारण मोठ्यांचा १२०/८० सगळ्यांच्या डोक्यात पक्का बसलेला असतो. १३ वर्षांखालच्या मुलांचं बीपी वय, उंची आणि मुलगा की मुलगी हे बघून तक्त्यावरून ठरवतात. चाळणीपुरते मुलग्यांचे हे आकडे लक्षात ठेवा: ६ वर्षांना १०५/६६, १० वर्षांना १०८/७२, १२ वर्षांना ११३/७५. मुलींचे यांच्या एखाद्या आकड्याने इकडेतिकडे. वरचा किंवा खालचा, कुठलाही आकडा एवढा किंवा याहून जास्त आला की डॉक्टरांकडून पूर्ण तक्ता बघून घ्या. हा काही आजाराचा शिक्का नव्हे. १३ वर्षांपासून पुढे तक्ता लागत नाही: १२०/८० च्या खाली ठीक, १३०/८० पासून उच्च रक्तदाबाची पहिली पायरी, १४०/९० पासून दुसरी.

तीन वर्षं पूर्ण झाल्यापासून वर्षातून एकदा बीपी मोजावं. मूल लठ्ठ असेल, मूत्रपिंडाचा किंवा हृदयाचा जन्मजात आजार असेल, मधुमेह असेल, तर दवाखान्याच्या प्रत्येक फेरीत.

मोजताना

चुकीचा आकडा बहुतेक वेळा चुकीच्या पट्ट्यामुळे येतो. शिवणकामाची टेप घ्या. खांद्याच्या हाडाचं टोक आणि कोपर यांच्या बरोबर मध्ये दंडाचा घेर मोजा. समजा घेर १८ सेंमी भरला. मग पट्ट्यातल्या रबरी पिशवीची लांबी घेराच्या ८० ते १०० टक्के, म्हणजे साधारण साडेचौदा ते १८ सेंमी हवी आणि रुंदी निदान ४० टक्के, म्हणजे सव्वासात सेंमी. अशा दंडावर मोठ्यांचा पट्टा गुंडाळला तर बीपी खोटं कमी दिसतं. उलट, चांगल्या भरलेल्या दंडाच्या पंधरा वर्षांच्या मुलाला नेहमीचा पट्टा तोकडा पडतो आणि बीपी खोटं वाढतं. दवाखान्यात मुलांचा पट्टा नसेल तर तो आकडा धरू नका, दुसरीकडे मोजून घ्या.

एसटीतून उतरून घाट्या चढून आलेल्या मुलाला आधी पाच मिनिटं गप्प बसू द्या. लघवी करून आलेलं असावं, पाठ टेकलेली, पाय जमिनीवर (लहान मुलाच्या पायाखाली पाट ठेवा), उजवा हात टेबलावर हृदयाच्या पातळीत, बाही दंडावर आवळलेली नको. उजवाच हात का? महाधमनी (हृदयातून निघणारी मुख्य रक्तवाहिनी) जन्मतः अरुंद असेल तर डाव्या हातात बीपी कमी येऊ शकतं आणि आजार लपतो. पहिलं माप जास्त आलं तर त्याच बैठकीत आणखी दोनदा मोजा. यंत्राने जास्त दाखवलं तर स्टेथोस्कोप लावून खात्री करायला सांगा, हवा सेकंदाला २ ते ३ मिमी या वेगाने सोडत.

एका दिवसाच्या मापावर निदान होत नाही. आकडा किंचित वर, पण पहिल्या पायरीच्या खाली असेल तर सहा महिन्यांनी पुन्हा. पहिल्या पायरीत असेल तर एक-दोन आठवड्यांनी आणि मग तीन महिन्यांनी; तीन वेगवेगळ्या भेटींत जास्तच राहिला तर उच्च रक्तदाब म्हणतात. दुसऱ्या पायरीला आठवड्याच्या आत तज्ज्ञ गाठा. डॉक्टरला बघूनच बीपी चढणारी मुलं बरीच असतात, म्हणून जमेल तिथे २४ तासांचं यंत्र लावून घ्यावं.

डोकं फार दुखतंय, उलट्या होतायत, धूसर दिसतंय, आकडी (फिट) आली, किंवा किशोरवयीन मुलाचं बीपी १८०/१२० च्या वर गेलं, तर वाट बघू नका. त्याच क्षणी जिल्हा रुग्णालय.

कारण शोधताना

मूल जितकं लहान आणि बीपी जितकं जास्त, तितकं मूत्रपिंडाकडे आधी बघावं. आपल्याकडे पावसात पायांना फोड येतात, चिघळतात. त्यानंतर तीन ते सहा आठवड्यांनी, किंवा घसा धरल्यावर एक-दोन आठवड्यांनी, सकाळी डोळ्यांभोवती सूज आणि कोऱ्या चहासारखी लघवी दिसली तर बीपी त्याच दिवशी मोजा. लघवी, क्रिएटिनिन (मूत्रपिंडाचं काम दाखवणारी रक्ततपासणी), सोडियम-पोटॅशियम, कोलेस्टेरॉल या तपासण्या सगळ्यांना. सहा वर्षांखाली किंवा लघवीत दोष असेल तर मूत्रपिंडाची सोनोग्राफीही. महाधमनीच्या दोषासाठी डॉक्टरांनी जांघेतली नाडी चाचपली नसेल तर विचारा. घरातली औषधंही सांगा: स्टिरॉइड, नाक मोकळं करणारी सर्दीची गोळी, आणि घशासाठी रोज चघळला जाणारा ज्येष्ठमध. त्यानेही बीपी चढतं.

लाल विंचू चावल्यावर अचानक चढणारं बीपी ही वेगळीच गोष्ट. त्यावर प्राझोसिन हे औषध देण्याची पद्धत महाडच्या डॉ. हिम्मतराव बावस्करांनी रुजवली. तिथे चाचण्यांत वेळ घालवायचा नाही, थेट रुग्णालय.

ताटात

मोठ्या माणसाला दिवसाला ५ ग्रॅमपेक्षा कमी मीठ, म्हणजे सपाट चमचाभरही नाही. मुलांना त्याहून कमी. पेजेबरोबर भाजलेला खारा बांगडा, वर लोणच्याची फोड, इथेच तो हिशोब संपतो. बोंबील-जवळा बरेचदा नुसत्या उन्हात वाळवलेले असतात, मिठात मुरवलेला बांगडा वेगळा. तो महिन्या-दोन महिन्यांतून कधीतरी, पाणी दोनदा बदलून भिजवून. आगळात (कोकमाच्या खारवलेल्या रसात) मीठ असतंच, त्यामुळे सोलकढीत वरून घालू नका. पाकिटावरच्या सोडियमला अडीचने गुणा: ८०० मिलिग्रॅम म्हणजे २ ग्रॅम मीठ. कमी सोडियमचं मीठ मूत्रपिंडाच्या रुग्णाला किंवा एनालाप्रिल-लोसार्टन ही बीपीची औषधं चालू असलेल्या मुलाला विचारल्याशिवाय देऊ नका, त्यात पोटॅशियम असतं.

जोडीला आठवड्यातून निदान तीन ते पाच दिवस ३० ते ६० मिनिटं घाम येईल असं खेळणं. दुसऱ्या पायरीतल्या मुलाने बीपी ताब्यात येईपर्यंत वजनं उचलणं आणि कुस्ती थांबवावी.

गोळी लागते ती लक्षणं असतील, दुसरी पायरी असेल, मूत्रपिंडाचा आजार किंवा मधुमेह असेल, किंवा सहा महिने हे खाण्या-खेळण्याचं मनापासून करूनही आकडा हलत नसेल तेव्हा. बरं वाटलं म्हणून ती आपणहून बंद करायची नाही. एनालाप्रिल किंवा लोसार्टन चालू असताना जुलाब-उलट्या लागल्या तर पुढची मात्रा देण्याआधी डॉक्टरांना फोन करा. अंग कोरडं पडलेलं असताना ती मूत्रपिंडाला इजा करू शकते. वयात आलेल्या मुलीला ही औषधं सुरू होत असतील तर गरोदरपणात ती बाळाला घातक आहेत हे तिला स्वतःला, स्पष्ट शब्दांत सांगितलेलं असावं.