धड्यातला प्रश्न बनवताना चुकीच्या उत्तरापासून सुरुवात करा: एक्सई-लर्निंगने इंटरॅक्टिव्ह धडा

पीपीटीची पीडीएफ करायची, ग्रुपवर टाकायची आणि म्हणायचं झाला डिजिटल धडा, हे अजून सर्रास चालतं. पोरं फाईल उघडतात, अंगठ्याने सरकवत शेवटपर्यंत जातात आणि बंद करतात. धडा इंटरॅक्टिव्ह व्हायचा तर मुलाला त्यात काहीतरी करावं लागलं पाहिजे आणि चुकलं तर का चुकलं हे तिथल्या तिथे कळलं पाहिजे. हे कोडिंग न येता, एक रुपयाही न देता जमतं आणि त्यासाठी मी एक्सई-लर्निंग (eXeLearning) हे सॉफ्टवेअर सुचवते.

हे सॉफ्टवेअर न्यूझीलंडमध्ये सरकारी पैशातून तयार झालं, पुढे स्पेनमधल्या सरकारी शिक्षणसंस्थांनी ते जिवंत ठेवलं आणि वाढवलं. ओपन सोर्स आहे, विंडोज, मॅक, लिनक्स तिन्हीवर चालतं, आणि एकदा इन्स्टॉल केलं की धडा बनवायला नेट लागत नाही. ज्या शाळेत नेट दुपारनंतर येतं आणि जातं तिथे ही फार मोठी सोय आहे. मी खाली २.९ आवृत्तीप्रमाणे सांगतेय, ३ मध्ये स्क्रीनची मांडणी बदललीय पण विचार तोच.

सॉफ्टवेअर उघडायच्या आधी मात्र कागद घ्या. आपण उदाहरण घेऊ पर्जन्यछायेचं, म्हणजे डोंगराच्या आडोशाच्या बाजूला पाऊस कमी पडतो त्याचं. महाबळेश्वरला वर्षाला ५००० मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो, आणि तिथून शंभरेक किलोमीटरवर, त्याच सातारा जिल्ह्यात, माण तालुक्यात तो ५०० च्या आसपास. असं का? आता या प्रश्नाला वर्गात मुलं खरोखर काय काय उत्तरं देतात ती लिहून काढा. कुणी म्हणतं माण समुद्रापासून लांब आहे. कुणी म्हणतं माणमध्ये झाडं नाहीत. कुणी म्हणतं महाबळेश्वर उंचावर आहे म्हणजे ढगांच्या जवळ. हेच तुमचे चुकीचे पर्याय, उगाच काहीतरी भरायचं म्हणून "वरीलपैकी नाही" टाकू नका, त्यातून मुलाच्या डोक्यात काय चाललंय ते काहीच कळत नाही.

मग प्रत्येक पर्यायाला स्वतंत्र उत्तर लिहा, आणि सगळा वेळ इथे घाला. "समुद्रापासून लांब" निवडणाऱ्याला नुसतं "चूक, पुन्हा प्रयत्न करा" सांगून काय मिळणार? त्याला सांगा की नागपूर अरबी समुद्रापासून माणपेक्षा कितीतरी लांब आहे, तरी तिथे साधारण १००० मिलिमीटर पाऊस पडतो, मग नुसतं अंतर हे कारण कसं असेल? झाडंवाल्याला विचारा, झाडं कमी म्हणून पाऊस कमी, की पाऊस कमी म्हणून झाडं कमी? उंचीवाला अर्ध्या वाटेपर्यंत आलेला आहे, त्याला लेह दाखवा, ३५०० मीटरवर आहे आणि पाऊस वर्षाला जेमतेम १०० मिलिमीटर, तेव्हा नुसती उंची कामाची नाही, बाष्प घेऊन येणारा वारा डोंगराला धडकून वर चढावा लागतो, थंड व्हावा लागतो. आणि बरोबर उत्तरालाही "शाब्बास" वर सोडू नका, वारा पलीकडे उतरताना तापतो आणि कोरडा होतो हे एका ओळीत परत सांगा, कारण काहीजण अंदाजाने बरोबर आलेले असतात.

आता सॉफ्टवेअर. डावीकडे वर धड्याची पानं दिसतात, तिथे पान वाढवायचं, नाव बदलायचं, बाणांनी वरखाली करायचं. एका धड्याला चार-पाच पानं पुरे. त्याच्या खाली आय-डिव्हाइसची यादी असते, म्हणजे मजकूर, चित्रांची गॅलरी, चूक की बरोबर, रिकाम्या जागा, खेळ असे तयार साचे, क्लिक केलं की ते चालू पानावर येतात. आपल्याला मल्टिपल चॉइस घ्यायचंय, त्यात प्रत्येक पर्यायाखाली फीडबॅकची वेगळी चौकट असते, कागदावरचं सगळं तिथे उतरवा, बरोबर पर्यायावर खूण करा, हिरव्या टिकवर क्लिक करून चौकट बंद करा आणि प्रिव्ह्यू बघा. यादी मोठी आहे म्हणून सगळंच एका धड्यात कोंबायचा मोह होतो, तो आवरा. शब्दशोधासारखे खेळ मुलांना आवडतात, पण त्यातून पाऊस का पडतो ते कळत नाही, एखादा शेवटी ठेवा.

रिकाम्या जागांच्या साच्यात वाक्य टाइप करून हवा तो शब्द सिलेक्ट करायचा आणि लपवायचं बटण दाबायचं, झालं. मराठीत इथे जरा काळजी घ्यावी लागते. एक मूल "पर्जन्यछाया" लिहील, दुसरं "पर्जन्य छाया", आणि दोघंही बरोबरच आहेत ना! म्हणून लपवायच्या शब्दाच्या जागी |पर्जन्यछाया|पर्जन्य छाया| असं उभ्या रेघांमध्ये लिहा, दोन्ही उत्तरं चालतात. स्ट्रिक्ट मार्किंग, म्हणजे उत्तराची काटेकोर तपासणी, बंदच ठेवा, भूगोलाच्या प्रश्नात ऱ्हस्व-दीर्घाला मार्क कापायचे नसतात. मजकूर युनिकोडमध्येच हवा, जुन्या डीटीपी फॉन्टमधल्या नोट्स तशाच चिकटवल्या तर मुलांच्या मशीनवर नुसती अगम्य अक्षरं दिसतील, आधी कन्व्हर्टरमधून काढा.

फोटो थेट मोबाईलमधून टाकू नका, एकेक चार-पाच एमबीचा असतो, गिंप या फोटो एडिटरमध्ये रुंदी हजारेक पिक्सेलवर आणा. आवाज ऑडॅसिटी या रेकॉर्डिंगच्या सॉफ्टवेअरमध्ये रेकॉर्ड करून मोनो एमपी३ करा. चित्रं विकिमीडिया कॉमन्सवरून घेतलीत तर काढणाऱ्याचं नाव आणि लायसन्स चित्राखाली लिहायचं, ते लोक फुकट देतात, निदान नाव तरी द्यायला हवं.

एक्स्पोर्ट करताना धडा कुठे उघडणार आहे याचा विचार करा. शाळेच्या लॅबमध्ये असेल तर वेबसाइट म्हणून फोल्डर काढा, पेनड्राइव्हवरून कॉपी करा, आणि इंडेक्स फाईलवर डबल-क्लिक, कुठलाही ब्राउझर चालेल. शाळा मूडल, म्हणजे ऑनलाइन वर्ग चालवायचं सॉफ्टवेअर, वापरत असेल तर स्कॉर्म १.२ निवडा (स्कॉर्म म्हणजे धडा अशा सॉफ्टवेअरमध्ये चालावा म्हणून ठरलेला फॉरमॅट), स्कॉर्म २००४ नको, कारण मूडल १.२ नीट चालवतं. मूडलमध्ये स्कॉर्म पॅकेज ही अ‍ॅक्टिव्हिटी घेऊन एक्स्पोर्टमधून आलेली झिप फाईल न उघडता तशीच अपलोड करायची. साध्या मल्टिपल चॉइसमध्ये मुलाला फीडबॅक मिळतो पण तुमच्याकडे मार्क येत नाहीत, मार्क हवे असतील तर स्कॉर्म क्विझचा साचा वापरा.

खरी अडचण मोबाईलची आहे, आणि आपल्याकडे बहुतेक मुलांकडे मोबाईलच असतो, तोही बऱ्याचदा आई-वडिलांचा. झिप व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवलीत तर अँड्रॉइडवर ती उघडून, आतली इंडेक्स फाईल शोधून, चित्रांसकट नीट दिसेलच असं नाही, बऱ्याचदा नुसता मजकूर येतो नाहीतर काहीच येत नाही. त्यापेक्षा एक्स्पोर्ट केलेलं फोल्डर गिटहब पेजेसवर, म्हणजे वेबसाइट ठेवायच्या ऑनलाइन जागेवर, टाका, फुकट आहे, आणि ग्रुपवर फक्त लिंक द्या. ब्राउझरमधून अपलोड करताना एका वेळी १०० फाईल्स आणि एक फाईल २५ एमबीपर्यंत अशी मर्यादा असते, म्हणून व्हिडिओ बाहेर ठेवून लिंक द्यावी. लिंक पाठवायच्या आधी स्वस्तातल्या फोनवर, मोबाईल डेटावर स्वतः उघडून बघा.

आणि ई-एल-पी फाईल, म्हणजे एक्सई-लर्निंगमध्ये धडा सेव्ह केल्यावर होणारी मूळ फाईल, जपून ठेवा. एक्स्पोर्ट केलेली प्रत मुलांसाठी, पण पुढच्या वर्षी एखादा पर्याय बदलायचा असेल तर हीच मूळ फाईल लागते. सिंधुदुर्गातल्या एखाद्या शाळेतल्या बाईंनी धडा मागितला तर त्यांनाही हीच द्या, त्या महाबळेश्वर काढून आंबोली घालतील, प्रश्न तिथल्या मुलांच्या ओळखीचा होईल.