आग-पाण्याचा महाल उभारताय? या चुका टाळा

एका बाजूला धगधगता बुरूज, दुसऱ्या बाजूला धबधबा आणि मधल्या सिंहासनावर बाप्पा. गणपतीच्या सजावटीत हा काल्पनिक महाल दरवर्षी कुणी ना कुणी करायला घेतंच, आणि चुकाही त्याच त्याच होतात. कल्पना फार सुंदर आहे. म्हणूनच ती घाईत बिघडलेली बघवत नाही.

धुकं मूर्तीजवळ सोडणं

पाण्यात बुडवून धुकं काढायची छोटी चकती हल्ली सहज मिळते. लोकांना वाटतं, ही वाफ आहे, हवेत विरून जाईल. ती वाफ नसते. चकती प्रचंड वेगाने कंप पावते आणि पाण्याचे अतिशय बारीक थेंब उडवते. ते खाली बसतात आणि जिथे बसतात तिथे ओल धरते. पाणी जड असेल तर क्षारांची पांढरी भुकटीही बसते. आणि शाडूची मूर्ती म्हणजे न भाजलेली माती.

आमच्या भागातल्या एका मंडळाने मागे पहिल्यांदाच शाडूची मूर्ती आणली. ढगांतून बाप्पा प्रकटतायत असं दिसावं म्हणून पोरांनी थेट चौरंगाखाली चकत्या ठेवल्या आणि रात्रभर चालू सोडल्या. सकाळी मला फोन आला, "दादा, बाप्पाचा हात मऊ पडलाय." जाऊन बघतो तर आशीर्वादाच्या हाताच्या बोटांवरचा रंग फुगलेला, खालची माती ओली. एकजण हेअर ड्रायर घेऊन उभा होता. तो आधी बंद करायला लावला, कारण वरचा थर झटकन सुकला आणि आतला ओला राहिला की शाडूला तडा जातो. चकत्या काढल्या, पंखा लांबून मंद लावला आणि मूर्तीला कुणी हात लावायचा नाही असं बजावलं. प्राणप्रतिष्ठा झालेली, म्हणजे दुरुस्तीचा विषयच काढता येईना. मूर्ती टिकली, पण विसर्जनापर्यंत त्या पोरांना धड झोप नव्हती. इतक्या मेहनती मुलांवर ही वेळ यायला नको होती.

मी धुकं नेहमी मूर्तीच्या बैठकीपेक्षा खाली आणि निदान दोन हात पुढे सोडतो. छोटा पंखा मूर्तीकडून बघणाऱ्यांकडे वारा जाईल असा लावतो. मूर्ती घरी यायच्या आधी तिच्या जागी वर्तमानपत्राचा कागद उभा करून सगळं रात्रभर चालवतो. सकाळी कागद कडक असेल तरच ती जागा मूर्तीची. मऊ पडला असेल तर धुकं आणखी पुढे. या एका रात्रीचा कंटाळा करणाऱ्यांनी धुक्याच्या वाटेलाच जाऊ नये.

दोन्ही बाजू मध्ये एकमेकींत मिसळणं

नवशिक्यांना वाटतं, आगीचा केशरी आणि पाण्याचा निळा मधोमध हळूहळू मिसळले की छान दिसेल. रंगाच्या डबीत काय होईल ते वेगळं. प्रकाशात केशरी आणि निळा एकत्र पडले की एकमेकांना मारतात आणि फिकट, पांढुरका, मळकट उजेड उरतो. नेमका बाप्पाच्या चेहऱ्यावर.

विरुद्ध गोष्टींचा महाल त्यांच्या सीमारेषेवर उभा राहतो. महाभारतातली मयसभा आठवा. ती बांधणारा मयासुर खांडववनाच्या आगीतून वाचलेला, आणि त्याने उभारलं काय, तर पाण्याचा भास देणारी स्फटिकाची जमीन आणि तिच्या शेजारी जमिनीसारखं दिसणारं खरं पाणी. दुर्योधनाने कोरड्या जागी वस्त्र सावरलं आणि पाण्यात पाय टाकला. दोन्ही एकमेकांना खेटून होती, पण एकमेकांत कालवलेली नव्हती, म्हणून तो फसला. आणि सभापर्वात ती पूर्ण व्हायला चौदा महिने लागले असं सांगितलंय. आपल्याकडे चतुर्थीच्या आदल्या रात्री पुठ्ठा कापायला बसतात.

मी दोन्ही बाजूंच्या मध्ये वीतभर रुंद, बिनचमकेचा काळा पट्टा सोडतो. आगीकडे 2700 ते 3000 केल्विनचे (केल्विन म्हणजे उजेडाच्या रंगछटेचं माप) पिवळसर दिवे, पाण्याकडे 6500चे निळसर पांढरे, आणि दोन्हींना पुठ्ठ्याचे कान लावून उजेड आपापल्या हद्दीत ठेवतो. मूर्तीवर वेगळा, साधा, उबदार दिवा. दर सेकंदाला रंग बदलणाऱ्या पट्ट्या मला अजिबात चालत नाहीत. त्यांनी आगही दिसत नाही आणि पाणीही.

खरी ज्योत सजावटीत नको. रेशमी कापडाच्या पट्ट्या, खालून छोटा पंखा आणि केशरी दिवा, एवढ्यात उत्तम आग दिसते. समई पडद्यांपासून लांब, वेगळ्या पाटावर.

वायर. पाण्याजवळचे दिवे अडॅप्टरवरचे, 12 व्होल्टचेच घ्या. पंपाची लाइन 30 मिलिअँपिअरच्या आरसीसीबीवरून, म्हणजे वीज गळली की लगेच लाइन तोडणाऱ्या स्विचवरून घ्या. एक्स्टेन्शन बोर्ड जमिनीवर नाही, उंचावर. बोर्डात शिरण्याआधी वायरला खाली झोळ द्या, म्हणजे ओघळ तिथेच टपकेल. पाण्यात नुसती चिकटपट्टी गुंडाळलेला जोड दिसला तर मी तो कापूनच टाकतो, मग कुणाला राग येवो.

धुक्यासाठी कोरडा बर्फ, म्हणजे गोठवलेला कार्बन डायऑक्साइड, घरात आणूच नका. तो उणे 78.5 अंशांचा असतो, उघड्या हाताला इजा करतो. त्यातून निघणारा वायू हवेपेक्षा जड, म्हणून तळाशी साचतो. तिथेच लहान मुलं बसलेली असतात, आणि आपली खोली खिडक्या लावलेली.

थर्माकोलचे बर्फाचे कडे विसरा. महाराष्ट्रात 2018 मध्ये त्यावर बंदी आली. चुरगाळलेला पांढरा कागद खळीत बुडवून वाळवला की त्याहून चांगला बर्फ होतो, फक्त दोन दिवस लागतात.

पुठ्ठ्याच्या भिंती थेट पाण्याच्या ट्रेला टेकवणं. पुठ्ठा पाणी वर ओढतो आणि बुरूज कमरेत वाकतो. खाली फरशीचे तुकडे द्या आणि तळाच्या चार बोटांना ऑइलपेंट मारा.

पंप. पाणी उडतं, आटतं, आणि कोरडा फिरला की पंप जळतो. दोन्ही आरत्यांच्या आधी पातळी बघायचं काम एकाच माणसाला, नाव घेऊन सांगा, आणि भरलेली बादली ट्रेच्या मागेच ठेवा.