ग्रिप स्पोर्टवर डॉक्युमेंट्री करायचीय? आधी कॅमेरा जवळ न्या

ग्रिप स्पोर्ट म्हंजे निव्वळ पकडीचा खेळ. दोन-तीन सेकंदांत अटेंप्ट संपतो, त्यामुळे नवीन माणूस कॅमेरा लांब लावून लालबुंद चेहरे शूट करत बसतो आणि एडिटला बसल्यावर कळतं की नेमकं काय झालं तेच फुटेजमधे नाहीये. मीही हेच केलं होतं, पहिल्या दिवसाचं निम्मं फुटेज गेलं फुकट.

आधी खेळ समजून घ्या. ग्रिपर म्हंजे मुठीत दाबून बंद करायची दोन हँडलांची स्प्रिंग. कॅप्टन्स ऑफ क्रश या ब्रँडच्या ग्रिपरमधला नंबर ३ बंद करायला अंदाजे २८० पौंडांचा जोर लागतो असं धरतात आणि नंबर ४ तब्बल ३६५ चा, तो पहिल्यांदा बंद केला जो किनीने, १९९८ मधे. ग्रिपर बंद केल्याच्या सर्टिफिकेटसाठी सुरुवातीला दोन हँडलांमधे क्रेडिट कार्डाच्या रुंदीएवढी फट दाखवावी लागते आणि मग हँडलं टेकवायची. टेकली म्हंजे पूर्ण टेकली, केसभर राहिलं तरी फेल. म्हणून मॅक्रो लेन्स हँडलांच्या टोकासमोर लावा आणि मागे एक छोटा लाईट ठेवा, म्हंजे फट उजेडाच्या रेघेसारखी दिसते, रेघ बारीक बारीक होत जाते आणि मधेच थांबते. हाच तुमचा सीन, बाकी सगळं त्याच्या आजूबाजूला.

इंच डंबेल नावाचं जाड हँडलचं डंबेल असेल (१७२ पौंड, हँडल जवळपास ६ सेंमी जाड आणि ते फिरत नाही) तर कॅमेरा सरळ जमिनीवर. ते उचलताना हातात गोल फिरायला बघतं, बोटं एकेक करून उघडतात, ते वरून दिसतच नाही हो.

फ्रेम रेटचं फार डोक्याला लावू नका. २५ ला शटर १/५० ठेवा, लाईट ५० हर्ट्झवर असतील तर फ्लिकर येत नाही, आणि एक कॅमेरा स्लो मोशनला.

आवाजाकडे मात्र लक्ष द्या. अटेंप्टच्या वेळी कॉलर माईक काढून घ्या, हात छातीवर घासला की सगळा ट्रॅक खराब, त्यापेक्षा शॉटगन माईक (लांबट, समोरचाच आवाज घेणारा) हाताजवळ धरा, स्प्रिंगची करकर आणि श्वास दोन्ही मिळतात. आणि चॉक (पकडीसाठी हाताला लावायची पांढरी पूड) उडत असताना लेन्स बदलायची नाही म्हंजे नाही, सेन्सरवर पूड बसते आणि फुटेजमधे काळपट ठिपके दिसतात.

माणसं कशी जिंकायची? पहिले दोन-तीन दिवस कॅमेरा बॅगेतच राहू दे. वजनं उचलून द्या, चॉक पुसा. अटेंप्टच्या आधी प्रश्न विचारू नका, राव, तो माणूस तेव्हा स्वतःशीच बोलत असतो. संमतीपत्रावर सही मात्र पहिल्याच दिवशी, नंतर मागायला लाज वाटते.

फेल झाला की लगेच कट म्हणू नका. तो हात झटकतो, तळव्यावरची फाटलेली कातडी बघतो, हात पुन्हा चॉकमधे बुडवतो. रेकॉर्डिंग चालूच ठेवा.